सुट्टी आणि खाडा
(१ मे कामगार दिनाचा इतिहास आणि आपण)



आपल्या विहाराच्या वर्धापनदिनाची स्मरणिका निघते आहे, तुम्ही इतिहासावर काही लिहा, असं कार्यकर्त्यांनी सांगितलं. चौदा एप्रिल, बुद्ध पौर्णिमा, अशोका विजयादशमी, सहा डिसेंबर या दिवसांचा इतिहास आता आपल्या लहान लेकरांनाही ठाऊक झाला आहे. पण वर्षात आणखी एक दिवस असा आहे, जो दरवर्षी आपल्या दारावरून जातो आणि आपण त्याला ओळख देत नाही. तो दिवस म्हणजे १ मे.

१ मे म्हटलं की आपल्याला काय आठवतं? शाळेचा निकाल, ग्रामपंचायतीसमोरचा झेंडा आणि महाराष्ट्र दिनाचं भाषण. त्याच दिवशी कामगार दिन असतो हे भाषणाच्या शेवटच्या वाक्यात येतं आणि तिथंच संपतं. कधी विषय काढला तर दोन उत्तरं ऐकायला मिळतात. एक, "तो लाल झेंडेवाल्यांचा सण आहे, आपला त्याच्याशी काय संबंध?" आणि दुसरं, "कामगार म्हणजे गिरणीतला, कारखान्यातला. आम्ही तर शेतात रोजानं जाणारी माणसं." दोन्ही म्हणणी सरळ मनानं केलेली आहेत. म्हणून रागावून उपयोग नाही, इतिहास उघडून बघितला पाहिजे.

दोन शब्द

इतिहासात शिरण्याआधी आपल्या रोजच्या बोलण्यातले दोन शब्द समोर ठेवतो. एक सुट्टी आणि दुसरा खाडा. मी गिरणीत काम करणारा माणूस आहे. हजेरीच्या पुस्तकात या दोन शब्दांची किंमत काय असते ते मला पक्कं ठाऊक आहे. माणूस दोन्ही दिवशी घरीच असतो. पण सुट्टीच्या दिवशी तो हक्कानं घरी असतो आणि खाड्याच्या दिवशी गुन्हेगार म्हणून. सुट्टीच्या दिवशी लेकरू मांडीवर घेऊन बसता येतं. खाड्याच्या दिवशी ताप अंगात असला तरी मनात हिशेब चालू असतो, की आज किती कापले जातील.

कामगार दिनाचा सगळा इतिहास माझ्या मते एका वाक्यात सांगता येतो. खाड्याची सुट्टी कशी झाली, त्याचा हा इतिहास आहे. ती कुणी दयेनं दिली नाही. आणि ती सगळ्यांना अजून मिळालेली नाही.

शिकागोचा मे महिना

अमेरिकेत एकोणिसाव्या शतकात कारखाने वाढले. दहा तास, बारा तास, कुठे त्याहून जास्त काम चालायचं. कामगारांची मागणी साधी होती. दिवसाचे चोवीस तास आहेत, त्याचे तीन सारखे भाग करा. आठ तास काम, आठ तास झोप आणि आठ तास आमचे स्वतःचे. या मागणीसाठी १ मे १८८६ रोजी अमेरिकेत लाखो कामगारांनी काम बंद ठेवलं. सगळ्यात मोठा जोर शिकागो शहरात होता.

३ मे रोजी मॅकॉर्मिक नावाच्या कारखान्यासमोर पोलिसांनी गोळीबार केला आणि कामगार मारले गेले. हा कारखाना कसला, तर पीक कापणीची यंत्रं बनवणारा. दुसऱ्या दिवशी, ४ मे रोजी, त्या गोळीबाराच्या निषेधाची सभा हेमार्केट चौकात झाली. सभा संपत आली असताना पोलिसांची तुकडी आली, तेवढ्यात कुणीतरी बॉम्ब टाकला. मग गोळीबार झाला. पोलीसही मेले, कामगारही मेले. बॉम्ब कुणी टाकला ते आजपर्यंत सिद्ध झालेलं नाही. पण आठ कामगार कार्यकर्त्यांवर खटला चालला. त्यांच्यापैकी एकानंही बॉम्ब टाकल्याचा पुरावा नव्हता. तरी चौघांना ११ नोव्हेंबर १८८७ रोजी फाशी दिलं. एकजण आदल्या दिवशी कोठडीतच मेला. उरलेल्या तिघांना १८९३ साली तिथल्या राज्यपालांनी, खटला न्यायानं चालला नव्हता असं स्पष्ट सांगून, मोकळं केलं.

१८८९ च्या जुलैमध्ये पॅरिसला देशोदेशीच्या कामगार प्रतिनिधींची परिषद भरली. तिथं ठरलं की पुढच्या वर्षी १ मे या दिवशी सगळ्या देशांतल्या कामगारांनी आठ तासांच्या मागणीसाठी एकाच वेळी निदर्शनं करायची. म्हणजे जगातला पहिला मे दिन १ मे १८९० रोजी झाला. गंमत अशी, की ज्या अमेरिकेत हे घडलं तिथल्या सरकारनं १८९४ साली कामगारांची सुट्टी सप्टेंबरच्या पहिल्या सोमवारी ठेवली. शिकागोची आठवण नको म्हणून मे महिना टाळला गेला, असं पुष्कळ इतिहासकार मानतात.

महालक्ष्मीचं मैदान

१ मे १८९० ही तारीख लक्षात ठेवा आणि आता मुंबईला चला. त्याच्या बरोबर एक आठवडा आधी, २४ एप्रिल १८९० रोजी, मुंबईत महालक्ष्मीच्या मैदानावर सुमारे दहा हजार गिरणी कामगारांची सभा भरली होती. युरोपातले कामगार कोण आणि हे कोण! एकमेकांचं तोंड कुणी पाहिलेलं नव्हतं. पण मागणी एकाच जातीची होती, की आमच्या वेळेवर थोडा तरी ताबा आमचा असू द्या. मुंबईच्या कामगारांची मागणी होती आठवड्याला एक सुट्टी. त्या सभेत दोन कामगार स्त्रियांनीही भाषणं केली. १८९० साली, दहा हजार माणसांसमोर, गिरणीत राबणाऱ्या बाया उभ्या राहून बोलल्या. ही गोष्ट आपल्या मुलींना मुद्दाम सांगितली पाहिजे.

ही सभा भरवणारे होते नारायण मेघाजी लोखंडे. जन्म १८४८ सालचा, ठाण्याचा. मूळ गाव पुणे जिल्ह्यातलं कन्हेरसर. आधी रेल्वे टपाल खात्यात नोकरी, मग मांडवीच्या गिरणीत स्टोअरकीपर. गिरणीत आत राहिल्यामुळं त्यांनी सगळं डोळ्यांनी पाहिलं होतं. त्या काळी विजेचे दिवे आले नव्हते, म्हणून उजाडताना गिरणी सुरू व्हायची आणि अंधार पडेपर्यंत चालायची. उन्हाळ्यात दिवस मोठा, तर कामही मोठं. ठरलेली आठवडी सुट्टी नाही, पगाराची तारीख नाही, हात तुटला तर घरचा रस्ता.

लोखंडे हे महात्मा जोतीराव फुले यांच्या सत्यशोधक चळवळीतले. कृष्णराव भालेकरांनी १८७७ साली पुण्यात सुरू केलेलं 'दीनबंधु' हे पत्र १८८० पासून लोखंड्यांनी मुंबईहून चालवलं. १८८४ साली त्यांनी मुंबईच्या गिरणी कामगारांची संघटना उभी केली. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये परळला सभा घेऊन साडेपाच हजार कामगारांच्या सह्यांचा अर्ज सरकारच्या कमिशनकडे पाठवला. मागण्या अशा : दर रविवारी सुट्टी, दुपारी अर्धा तास विश्रांती, सकाळी साडेसहा ते सूर्यास्त एवढंच काम, पगार पुढच्या महिन्याच्या १५ तारखेच्या आत आणि कामावर जखमी झालेल्याला बरा होईपर्यंत मजुरी. बंधूंनो, हा अर्ज आज सव्वाशेहून अधिक वर्षांनी वाचला तरी कुठल्याही वीटभट्टीवर किंवा उसाच्या फडावर तो जसाच्या तसा देता येईल.

सहा वर्षं पाठपुरावा चालला. महालक्ष्मीच्या सभेनंतर १० जून १८९० रोजी मुंबईच्या गिरणी मालकांच्या संघानं रविवारची सुट्टी मान्य केली. पुढच्या वर्षी, १८९१ च्या कारखाना कायद्यात आठवडी सुट्टी आली. म्हणजे आज शाळा, कचेरी, बँक यांना रविवार आहे तो सरकारनं आपणहून दिलेला नाही. त्याच्यामागे फुल्यांच्या एका अनुयायाची सहा वर्षांची धडपड आहे. तोच माणूस १८९७ च्या प्लेगमध्ये रोग्यांची सेवा करता करता ९ फेब्रुवारीला गेला. पुढं महिन्याभरात त्याच प्लेगनं सावित्रीमाईंना नेलं. भारत सरकारनं २००५ साली लोखंड्यांचं टपाल तिकीट काढलं, पण रविवारी घरी बसणाऱ्या किती जणांना त्यांचं नाव माहीत आहे?

आता पहिल्या प्रश्नाचं अर्धं उत्तर मिळालं. आपल्या देशात कामगाराच्या सुट्टीची लढाई लाल झेंडा येण्याच्या कितीतरी आधी सुरू झाली आणि ती सत्यशोधकांच्या घरातून सुरू झाली. लाल झेंड्याचा मे दिन आला तो नंतर, १ मे १९२३ रोजी, मद्रासला. सिंगारवेलू चेट्टियार यांनी समुद्रकिनाऱ्यावर दोन ठिकाणी सभा घेऊन तो साजरा केला. त्यांचं ऋण मान्य करून मगच पुढं जायचं.

बाबासाहेब आणि अठ्ठेचाळीस तास

उरलेलं अर्धं उत्तर परमपूज्य बाबासाहेबांच्या कार्यात आहे. बाबासाहेबांची बरीच वर्षं परळच्या चाळीत, गिरणी कामगारांच्या वस्तीत गेली. भोंगा वाजला की माणसं कशी पळतात, ते त्यांनी पुस्तकात वाचलेलं नव्हतं. त्यांनी हेही पाहिलं होतं की कामगार-कामगारातही भिंत आहे. गिरणीच्या विणकाम खात्यात मजुरी जास्त मिळायची, पण तिथं धोट्यातला धागा तोंडानं ओढावा लागायचा. विटाळ नको म्हणून अस्पृश्य कामगाराला त्या खात्यात घेत नसत. १९२८ च्या संपाच्या वेळी बाबासाहेबांनी हा प्रश्न पुढाऱ्यांसमोर रोखठोक मांडला. म्हणून आपल्यातल्या जुन्या माणसांना मे दिनाविषयी जो दुरावा वाटतो, त्याचं कारण खोटं नाही. ते मान्य केलं पाहिजे.

पण बाबासाहेब दुरावा धरून बसले नाहीत. १९३६ साली त्यांनी पक्ष काढला, त्याचं नावच स्वतंत्र मजूर पक्ष. फेब्रुवारी १९३८ मध्ये मनमाडला रेल्वेतल्या अस्पृश्य कामगारांच्या परिषदेत त्यांनी सांगितलं, की या देशातल्या कामगाराला दोन शत्रूंशी लढायचं आहे, एक ब्राह्मणशाही आणि दुसरी भांडवलशाही. त्याच वर्षी ७ नोव्हेंबरला, संपाचा हक्क आवळणाऱ्या विधेयकाविरुद्ध, त्यांनी कम्युनिस्टांच्या बरोबरीनं मुंबईत एक दिवसाचा संप घडवून आणला. त्याआधी १९२८ साली मुंबई कायदे मंडळात त्यांनी बाळंतपणाच्या रजेच्या विधेयकाला पाठिंबा दिला होता. बाळंतिणीची विश्रांती ही खाडा नाही, तो तिचा हक्क आहे, असाच त्याचा अर्थ.

१९४२ ते १९४६ या काळात बाबासाहेब व्हाइसरॉयच्या मंत्रिमंडळात मजूर खात्याचे प्रमुख होते. या चार वर्षांत कामगारासाठी जे झालं त्याची यादी मोठी आहे. मी फक्त वेळेपुरतं सांगतो. १९११ च्या कायद्यानं कापड गिरणीतल्या पुरुषाला रोज बारा तासांची मर्यादा होती. १९२२ ला आठवड्याला साठ तास झाले. १९३४ ला चोपन्न झाले. १९४६ च्या दुरुस्तीनं ते अठ्ठेचाळीस झाले. अठ्ठेचाळीसला सहानं भागा, आठ येतात. शिकागोला ज्यासाठी माणसं फासावर गेली ते आठ तास भारताच्या कायद्यात असे आले. रोजची कमाल मर्यादा नऊ तासांची होती, पण आठवड्याचं गणित आठाचंच होतं. हे विधेयक बाबासाहेबांच्या खात्याचं. त्याआधी १९४५ साली वर्षभर काम केलेल्या कारखाना कामगाराला दहा दिवसांची भरपगारी सुट्टी देणारी दुरुस्ती झाली, तीही त्यांच्याच खात्याची. घरी बसायचं आणि पगार चालू! तोपर्यंत मजुराच्या स्वप्नातही ही गोष्ट नव्हती. डिसेंबर १९४३ मध्ये ते धनबादच्या कोळसा खाणीत स्वतः खाली उतरले होते. खात्याचा मंत्री खाणीत उतरतो, हे त्या काळी कुणी पाहिलेलं नव्हतं.

आता सांगा, कामगार दिन आपला आहे की नाही? मला तर वाटतं १४ एप्रिलनंतर सतरा दिवसांनी येणारा हा दिवस म्हणजे जयंतीचाच पुढचा भाग आहे.

आपल्या जिल्ह्यातली कामगार परिषद

दुसरा प्रश्न असा होता की आपण कुठले कामगार? त्याचं उत्तर शोधायला मुंबईला जायची गरज नाही. आपल्याच धाराशिव जिल्ह्यात कसबे तडवळे आहे. २२ आणि २३ फेब्रुवारी १९४१ रोजी बाबासाहेब तिथं आले होते. परिषदेचं नाव होतं महार-मांग वतनदार परिषद. वतनदार हा शब्द ऐकायला भारी वाटतो. पण हे वतन म्हणजे काय होतं? गावचं पडेल ते काम, सरकारी निरोप, मेलेलं जनावर, साहेबाच्या घोड्यापुढं पळणं. त्याला ना वेळ, ना मजुरी, ना सुट्टी. घरातला एक आजारी पडला तर दुसऱ्यानं जायचं, म्हणजे सबंध घरच कामाला बांधलेलं. बाबासाहेबांनी १९२८ सालीच मुंबई कायदे मंडळात या वतनाविरुद्ध विधेयक आणलं होतं आणि हेच सगळं तिथं मांडलं होतं.

म्हणून मी तडवळ्याच्या परिषदेला कामगार परिषदच म्हणतो. ज्यांच्या कामाचे तास कुणी कधी मोजलेच नाहीत, अशा माणसांची ती परिषद होती. आपला मुलूख त्या वेळी निजामाच्या राज्यात होता आणि १७ सप्टेंबर १९४८ पर्यंत राहिला. २६ जानेवारी १९५० ला संविधान लागू झालं आणि त्याच्या कलम २३ नं वेठबिगार हा गुन्हा ठरवला. १ नोव्हेंबर १९५६ ला मराठवाडा द्विभाषिक मुंबई राज्यात आला आणि १ मे १९६० ला महाराष्ट्र झाला. संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात गिरणगावचा कामगार आघाडीवर होता, अण्णाभाऊ साठे आणि अमर शेख यांची कलापथकं होती, शंभरावर माणसं हुतात्मा झाली. आपल्या राज्याचा वाढदिवस आणि कामगारांचा दिवस एकच असणं हे त्या कामगारांना शोभून दिसतं.

पुढं काळ बदलला. १८ जानेवारी १९८२ ला मुंबईच्या अडीच लाख गिरणी कामगारांचा संप सुरू झाला, तो मोडला. एकेक गिरणी बंद पडली, सोलापूरच्या मोठ्या गिरण्याही गेल्या. गिरण्यांबरोबर मे दिनाची मिरवणूकही बारीक झाली. आज आपल्या भागात कामगार म्हणजे शेतात रोजानं जाणारी बाई, सालगडी, गवंडी, बिगारी, हमाल, ट्रॅक्टरचा ड्रायव्हर आणि उसाला जाणारं जोडपं. आपल्या सास्तूरचंच बघा. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे भूकंपानं सगळं जमीनदोस्त केलं. मग नवं गाव उभं राहिलं. मदत करणारांचे आपण ऋणी आहोतच. पण पाया खणला, पाटी उचलली, विटेवर वीट ठेवली ती मजुरांनी. फलकावर देणारांची नावं असतात, बांधणारांची नसतात. १ मे हा त्या न लिहिलेल्या नावांचा दिवस आहे.

बैलाला पोळा, माणसाला काय?

आपल्याकडं बैलालाही सुट्टी आहे. पोळ्याला त्याच्या मानेवर जू ठेवत नाहीत, त्याला धुतात, पुरणपोळी चारतात. येळवसेला सगळं शिवार जेवायला बसतं, त्या दिवशी जिल्ह्यात कचेऱ्याही बंद असतात. पण सालगड्याचा विचार करा. गुढीपाडव्याला साल ठरतं. पोळ्याच्या दिवशी बैल उभा असतो आणि त्याला धुणारा, सजवणारा सालगडी राबत असतो. वर्षभरात तो आजारी पडला, सोयऱ्याच्या मयतीला गेला, तर ते खाडे मोजले जातात. साल संपल्यावर खाडे भरून द्यायचे, नाहीतर पैसे कापायचे. म्हणजे बैलाची सुट्टी देवाच्या नावानं लिहिलेली आणि माणसाची खाड्याच्या वहीत.

उसाला जाणाऱ्यांचं तर याहून अवघड. मुकादमाकडून उचल घ्यायची, दिवाळीच्या आगेमागे गाडी भरायची आणि उन्हाळा लागेपर्यंत फडात. नवरा-बायको मिळून एक कोयता, म्हणजे दोन माणसं मिळून हिशेबात एक हत्यार! पहाटे अंधारात तोडायला सुरुवात, रात्री अपरात्री गाडी भरायची. खाडा झाला तर दंड. आपल्या शेजारच्या बीड जिल्ह्यात २०१९ साली जे उघडकीस आलं ते सगळ्या देशानं ऐकलं. ऊसतोड करणाऱ्या बायांच्या गर्भपिशव्या मोठ्या संख्येनं काढल्या गेल्या होत्या. सरकारनं समिती नेमली, डॉ. नीलम गोऱ्हे तिच्या अध्यक्ष होत्या. ८२ हजारांवर बायांची पाहणी झाली, त्यात १३ हजारांवर बायांची पिशवी काढलेली निघाली. कारणं अनेक होती, डॉक्टरांनी दाखवलेली भीती होती, अज्ञान होतं. पण त्यात एक कारण असं होतं की दर महिन्याच्या त्रासात काम बुडतं आणि दंड बसतो. एक दिवसाची सुट्टी नाही म्हणून बाईनं शरीराचा भाग काढून टाकायचा! लोखंड्यांच्या सभेत बोललेल्या त्या दोन बायांना आज काय वाटलं असतं?

कायदा नाही असं नाही. किमान वेतनाचं विधेयक बाबासाहेबांनी एप्रिल १९४६ मध्ये मांडलं, ते १९४८ साली कायदा झालं. त्यात शेतमजुरीचा समावेश होता आणि सात दिवसांतून एक दिवस विश्रांती, तीही मोबदल्यासह, ठरवण्याचा अधिकार सरकारला दिलेला होता. म्हणजे शेतात राबणाऱ्याची सुट्टी बाबासाहेबांच्या डोळ्यासमोर होती. पण बांधावर ती कुणी आणली नाही, कारण मागणारा एकेकटा होता. आता जुने २९ कामगार कायदे चार संहितांमध्ये एकत्र केले आहेत आणि त्या २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झाल्या आहेत. त्याआधी सप्टेंबर २०२५ मध्ये राज्याच्या मंत्रिमंडळानं कारखान्यातली रोजची मर्यादा नऊ तासांवरून बारा तासांपर्यंत नेण्याला मंजुरी दिली. आठवड्याचे ४८ तास कायम आहेत, जादा कामाला जादा पैसे आहेत, असं सांगितलं जातं. पण १९११ ला बारा तासांची मर्यादा होती, हे वर लिहिलंच आहे. एकदा मिळालेलं कायमचं मिळालं, असं समजून झोपून चालत नाही.

भगवान बुद्धांनी काय सांगितलं

आपण विहारात बसून हे वाचतो आहोत, म्हणून एक गोष्ट सांगितल्याशिवाय राहवत नाही. दीघ निकायात सिगालोवाद सुत्त आहे. सिगाल नावाचा तरुण ओल्या कपड्यानं सहा दिशांना नमस्कार करत असतो. भगवान त्याला सांगतात की खऱ्या सहा दिशा म्हणजे माणसाची सहा नाती आहेत. आई-बाप, गुरू, बायको-लेकरं, मित्र, कामकरी आणि श्रमण. त्यातली कामकऱ्यांची दिशा खालची. धन्यानं कामकऱ्याशी पाच प्रकारे वागावं असं भगवान सांगतात. त्याच्या ताकदीप्रमाणे काम द्यावं, अन्न आणि मजुरी द्यावी, आजारात काळजी घ्यावी, गोडधोड असेल ते त्याच्याबरोबर वाटून खावं आणि वेळोवेळी त्याला सुट्टी द्यावी.

अडीच हजार वर्षांपूर्वी सुट्टी हा शब्द धम्मात आला आहे! आजारात काळजी घ्यायची म्हणजे खाडा धरायचा नाही. ताकदीप्रमाणे काम म्हणजे गरोदर बाईच्या डोक्यावर मोळी द्यायची नाही. आपल्यातही आता काहीजणांकडं चार पैसे आले आहेत, घरकामाला बाई येते, शेतात गडी आहे, कुणी गुत्तेदारी करतो. त्यांनी हे सुत्त आधी स्वतःला लावून बघावं. आपल्या घरी येणाऱ्या बाईला आठवड्यातून एक दिवस भरपगारी सुट्टी आहे का? आणि आपल्या घरातल्या माय-बहिणींना? रविवारी बाप्ये पारावर बसतात आणि बाया आठवड्याचं धुणं घेऊन बसतात. त्यांचा १ मे कधी येणार?

आपण काय करावं

नुसता इतिहास वाचून काही होत नाही. म्हणून चार गोष्टी सुचवतो.

पहिली : दरवर्षी १ मे ला सकाळी ध्वजवंदनानंतर विहारात जमावं. बुद्ध वंदना घ्यावी, लोखंड्यांची आणि बाबासाहेबांच्या मजूर खात्यातल्या कामाची माहिती एखाद्या शाळकरी मुलीनं वाचून दाखवावी. फोटोला हार घातला की झालं, असं करू नये.

दुसरी : १ मे ला ग्रामसभा असते. आपण तिथं जात नाही आणि मग आपलं कुणी ऐकत नाही म्हणतो. गावातून उसाला किती जोडपी जातात, त्यांच्यामागं किती लेकरं राहतात, याची नोंद ग्रामपंचायतीत व्हावी अशी मागणी त्याच सभेत करावी. ऊसतोड कामगारांसाठी गोपीनाथ मुंडे यांच्या नावानं महामंडळ झालं आहे. त्याच्याकडं काही मागायचं तर आधी आपली यादी पाहिजे.

तिसरी : उचल घेताना, साल ठरवताना, गवंडीकाम घेताना खाड्याची अट आधी विचारावी. एकट्यानं विचारली तर मुकादम दुसरा बघतो. टोळीनं मिळून विचारली तर त्याला उत्तर द्यावं लागतं. लोखंड्यांच्या अर्जावर एक सही असती तर तो केराच्या टोपलीत गेला असता. साडेपाच हजार होत्या म्हणून कमिशनपुढं गेला.

चौथी : मिळालेली सुट्टी वाया घालवू नये. शिकागोचे कामगार जे शेवटचे आठ तास मागत होते, ते दारूच्या गुत्त्यासाठी नव्हते. वाचायला, लेकरांना शिकवायला, चार माणसांत बसून विचार करायला ते हवे होते. आपल्या विहाराचं दार त्यासाठीच उघडं असतं.

ज्याच्या हजेरीच्या वहीत अजून सुट्टी हा शब्दच नाही असा एक जरी माणूस आपल्या गावात आहे, तोवर १ मे हा नुसता सण नाही, ते शिल्लक राहिलेलं काम आहे. ते काम सगळ्यांनी मिळून हाती घेऊ या.

सर्वांना वर्धापनदिनाच्या मंगल कामना.

जयभीम! नमो बुद्धाय!